श्रीलंकेतील राष्ट्रीय महामार्ग व द्रुतगती मार्ग

श्रीलंकेतील राष्ट्रीय महामार्ग व द्रुतगती मार्ग : श्रीलंका या द्वीपराष्ट्रातील प्रमुख शहरे, बंदरे, मळ्यांचे प्रदेश व तीर्थक्षेत्रे यांना जोडणारे आणि केंद्र शासनाच्या अखत्यारीत असलेले रस्ते. देशाचे क्षेत्रफळ ६५,६१० चौ. किमी. असून राष्ट्रीय महामार्गांची एकूण लांबी १२,००० किमी.हून थोडी अधिक आहे. पथकर आकारणाऱ्या द्रुतगती मार्गांची लांबी तीनशे किमी.च्या थोडी वर असून ते सर्व २०११ पासून वाहतुकीस खुले झाले आहेत. देशांतर्गत प्रवासी व माल यांची बहुतेक वाहतूक रस्त्यांनीच होते. लष्करी ताबा, मळ्यांचा व्यापार, यादवी युद्ध आणि परकीय कर्ज या चारही गोष्टींचा ठसा या मार्गांवर उमटलेला आहे. रस्ता कोणाच्या गरजेसाठी बांधला व त्याचा भार कोणी सोसला, हा प्रश्न त्यांच्या इतिहासात प्रत्येक टप्प्यावर उद्‌भवलेला दिसतो.

भौगोलिक पार्श्वभूमी : बेटाच्या दक्षिण-मध्य भागात डोंगराळ प्रदेश असून पिदुरुतलगल हे त्यातील सर्वोच्च शिखर २,५२४ मी. उंच आहे. या डोंगराळ गाभ्यातून नद्या चहूबाजूंना वाहत जातात. त्यामुळे किनाऱ्याने जाणाऱ्या रस्त्याला नद्यांची मुखे व खाजणे एकामागून एक ओलांडावी लागतात, तर अंतर्भागात जाणाऱ्या रस्त्याला घाट चढावे लागतात. नैर्ऋत्य भागात पाऊस भरपूर पडतो. तेथील सखल जमीन भातखाचरांची व दलदलीची असल्याने रस्त्याचा भराव खचण्याचा धोका असतो. डोंगरउतारांवर दरडी कोसळतात. उत्तर व पूर्वेकडील कोरड्या, सपाट प्रदेशात बांधकाम तुलनेने सुकर आहे; मात्र तेथे वस्ती विरळ आहे. लोकसंख्या, उद्योगधंदे व मुख्य बंदर नैर्ऋत्येस एकवटल्यामुळे बहुतेक प्रमुख मार्ग कोलंबोपासून चाकाच्या आऱ्यांप्रमाणे फाकत जातात.

वर्गीकरण व प्रशासन : रस्त्यांचे वर्गीकरण रोमन अक्षरांनी केले जाते. ‘ए’ वर्गात प्रमुख शहरांना जोडणारे हमरस्ते येतात. त्यांची लांबी सु. ४,२०० किमी. आहे. ‘बी’ वर्गातील मुख्य रस्ते सु. ८,००० किमी. लांबीचे आहेत. हे दोन्ही वर्ग मिळून राष्ट्रीय महामार्ग होतात. ‘ई’ हे अक्षर द्रुतगती मार्गांसाठी राखून ठेवलेले आहे. ‘सी’ व ‘डी’ वर्गांतील रस्ते प्रांतिक परिषदांकडे असून गावांतील व शहरांतील लहान रस्ते स्थानिक संस्था सांभाळतात. राष्ट्रीय महामार्ग व द्रुतगती मार्ग यांची जबाबदारी रस्ते विकास प्राधिकरणाकडे आहे. या प्राधिकरणाची स्थापना १९८१ च्या अधिनियमान्वये झाली आणि १९८६ मध्ये त्याने पूर्वीच्या महामार्ग खात्याची जागा घेतली. २००८ च्या राष्ट्रीय मार्ग अधिनियमाने या व्यवस्थेस अद्ययावत कायदेशीर आधार दिला. वाहने रस्त्याच्या डाव्या बाजूने चालतात. मार्गदर्शक फलक सिंहली, तमिळ व इंग्रजी अशा तीन भाषांत असतात.

प्राचीन व मध्ययुगीन काळ : अनुराधपूर ही राजधानी असताना वायव्य किनाऱ्यावरील महातित्थ बंदराशी ती रस्त्याने जोडलेली होती. अनुराधपूर परिसरातील नद्यांवर प्राचीन दगडी पुलांचे अवशेष आढळतात. वाटसरूंच्या विसाव्यासाठी वाटेवर ‘अंबलम’ नावाच्या धर्मशाळा बांधण्याची प्रथा होती आणि त्यांपैकी काही आजही उभ्या आहेत. कँडीच्या राज्याचे धोरण मात्र वेगळे होते. पोर्तुगीज, डच व नंतर ब्रिटिश यांनी किनारपट्टी व्यापली असता डोंगराळ राज्याचे संरक्षण दाट अरण्ये, अरुंद पाऊलवाटा व अवघड खिंडी यांवरच अवलंबून होते. त्यामुळे रुंद रस्ते मुद्दाम टाळले जात. वाटांच्या नाक्यांवर काटेरी फाटके लावून पहारे ठेवीत. अशा पहाऱ्याच्या नाक्याला सिंहलीत ‘कडवत’ म्हणतात. कोलंबोजवळच्या कडवत या गावाचे नाव त्याच प्रथेची आठवण देते. १८०३ मध्ये कँडीवर चालून गेलेल्या ब्रिटिश तुकडीचा जो संहार झाला, त्यात या दुर्गमतेचा मोठा वाटा होता.

ब्रिटिश अंमल : १८१५ मध्ये कँडीचे राज्य ब्रिटिशांच्या ताब्यात आले, परंतु १८१७-१८ मधील उठावाने हा ताबा किती अस्थिर आहे, हे दाखवून दिले. रस्त्यांवाचून डोंगराळ प्रदेश हाती राहणार नाही, हे ओळखून सर एडवर्ड बार्न्स (१७७६–१८३८) याने १८२० पासून कोलंबो–कँडी मार्गाचे काम हाती घेतले. १८२२ मध्ये केलानी नदीवर होड्यांचा पूल बांधण्यात आला. १८९५ मध्ये व्हिक्टोरिया पूल होईपर्यंत तो वापरात होता. कडुगन्नाव खिंडीतील चढ हा या मार्गाचा सर्वांत अवघड टप्पा होय. तेथे एका ठिकाणी खडक कोरून रस्ता आरपार नेण्यात आला. डोंगर भेदून परका शिरल्याशिवाय कँडी पडणार नाही, अशी दंतकथा या खडकाशी निगडित आहे. पुढे रुंदीकरण झाल्यावर मुख्य वाहतूक या खडकाला वळसा घालून जाऊ लागली. मार्गाचा अभियंता कॅप्टन विल्यम फ्रान्सिस डॉसन हा १८२९ मध्ये मरण पावला आणि त्याच्या स्मरणार्थ १८३२ मध्ये खिंडीच्या माथ्यावर मनोरा उभारण्यात आला. त्याच वर्षी कोलंबो–कँडी दरम्यान घोड्यांची टपालगाडी सुरू झाली. पेरादेनियाजवळ महावेली नदीवर उभारलेला एककमानी लाकडी पूल १९०५ पर्यंत टिकला. बार्न्सचा पुतळा कोलंबोत आहे आणि शहरापासूनची रस्त्यांची अंतरे तेथून मोजण्याची प्रथा पडली.

बार्न्सने वयाच्या सोळाव्या वर्षी रस्त्याच्या कामावर नेमलेला टॉमस स्किनर (१८०४–७७) हा पुढे रस्ते खात्याचा प्रमुख झाला. डोंगराळ प्रदेशाचे सर्वेक्षण करून त्याने तेथील मार्गांचे जाळे आखले. १८६७ मध्ये तो निवृत्त झाला, तेव्हा बेटाचा बहुतेक भाग गाडीरस्त्यांनी जोडलेला होता.

या रस्त्यांचे प्रत्यक्ष श्रम मात्र रयतेने केले. सिंहली राजांच्या काळात जमिनीच्या मोबदल्यात राजाची सेवा करण्याची ‘राजकारिय’ नावाची पद्धत होती. तिच्यात गाव, जात व जमीन यांनुसार कामाच्या मर्यादा ठरलेल्या होत्या. ब्रिटिशांनी तीच पद्धत राबवून लोकांना घरापासून दूर, डोंगर फोडण्याच्या कामाला जुंपले. त्यामुळे तिला उघड वेठीचे स्वरूप आले. कोलब्रुक–कॅमेरन आयोगाच्या शिफारशींवरून १८३२ मध्ये राजकारिय पद्धत रद्द झाली. तथापि १८४८ च्या रस्ते कायद्याने प्रौढ पुरुषांवर वर्षातून सहा दिवस रस्त्यावर काम करण्याची किंवा त्याऐवजी तीन शिलिंग भरण्याची सक्ती आली. हा कायदा बौद्ध भिक्षूंनाही लागू केल्याने असंतोष वाढला. इतर नव्या करांबरोबर तो १८४८ च्या मातले उठावाचे एक प्रमुख कारण ठरला. उठावाचा नेता वीर पुरन अप्पू याला गोळ्या घालून ठार करण्यात आले. भिक्षूंना पुढे या सक्तीतून वगळण्यात आले.

लष्करी हेतूने सुरू झालेल्या रस्त्यांचा मोठा लाभ कॉफीच्या मळेवाल्यांना झाला. स्वतः बार्न्सने पेरादेनियाजवळ गन्नोरुव येथे कॉफीचा मळा काढला होता. कॉफीची पोती बैलगाड्यांतून कोलंबो बंदरात येत आणि त्याच रस्त्यांनी तांदूळ मळ्यांकडे जाई. मळ्यांत काम करण्यासाठी आलेले दक्षिण भारतातील तमिळ मजूर मन्नारच्या किनाऱ्यावर उतरून उत्तरेकडील वाटेने मातलेपर्यंत पायी येत. रोगराई व उपासमार यांमुळे त्यांपैकी अनेकांना वाटेतच मृत्यू आला. १८६७ मध्ये लोहमार्ग कँडीपर्यंत पोहोचला, त्यामुळे बैलगाडीची लांब पल्ल्याची वाहतूक घटली. १८६९ नंतर तांबेऱ्याने कॉफी बुडाली व तिची जागा चहाने घेतली. चहाचे मळे अधिक उंचीवर गेल्याने हॅटन, नुवारा एलिया, हपुतले या भागांत घाटरस्ते वाढले. आजच्या ‘ए’ वर्गातील डोंगरी मार्गांची आखणी बव्हंशी याच काळातील आहे; म्हणून ते अरुंद व नागमोडी आहेत.

प्रमुख महामार्ग : कोलंबो–कँडी मार्गाला ‘ए-१’ हा क्रमांक असून त्याची लांबी सु. ११६ किमी. आहे. ‘ए-२’ हा कोलंबोहून किनाऱ्याने गॉल, मातर, हंबनतोटा असा जाऊन वेल्लवायपर्यंत पोहोचतो, लांबी सु. ३२० किमी. ‘ए-३’ उत्तरेस नेगोंबोवरून पुत्तलमकडे जातो. ‘ए-४’ हा सर्वांत लांब महामार्ग (सु. ४३० किमी.) रत्नपूर या रत्नांच्या खाणींसाठी प्रसिद्ध असलेल्या शहरावरून डोंगरांच्या दक्षिण कडेने पूर्व किनाऱ्यावर बट्टिकलोआपर्यंत जातो. ‘ए-५’ पेरादेनियाहून नुवारा एलिया व बदुल्ल या मळ्यांच्या प्रदेशातून पूर्वेकडे उतरतो. ‘ए-६’ अंबेपुस्स येथे कँडी मार्गापासून फुटून कुरुनेगल, दांबुल्ल यांवरून त्रिंकोमाली या नैसर्गिक बंदरास मिळतो. ‘ए-१२’ हा पुत्तलम, अनुराधपूर व त्रिंकोमाली यांना जोडतो. पश्चिम व पूर्व किनारे कोलंबोला वळसा न घालता जोडणाऱ्या थोड्या मार्गांपैकी हा एक होय.

पूर्व किनाऱ्यावरील बट्टिकलोआ–त्रिंकोमाली या ‘ए-१५’ मार्गावर दीर्घकाळ तराफ्यांनी खाड्या ओलांडाव्या लागत. यादवी युद्धानंतर तेथे पूल झाले. त्यांपैकी किन्नियाचा पूल २००९ मध्ये खुला झाला. जाफन्याला मन्नारशी जोडणाऱ्या ‘ए-३२’ मार्गावरील संगुपिट्टी पूल २०११ मध्ये पूर्ण झाला, त्यामुळे जाफना द्वीपकल्पात जाण्यास दुसरा खुष्कीचा मार्ग मिळाला. २६ डिसेंबर २००४ रोजी आलेल्या त्सुनामी लाटांनी दक्षिण व पूर्व किनाऱ्यांवरील मार्ग व पूल उद्ध्वस्त केले. समुद्राला लगटून जाणारा ‘ए-२’ महामार्ग व त्याला समांतर लोहमार्ग हे दोन्ही एकाच वेळी बंद पडल्याने दक्षिणेकडे मदत पोहोचविणे अवघड झाले. अंतर्भागातून जाणाऱ्या पर्यायी मार्गाची आवश्यकता या प्रसंगाने ठळक झाली.

कँडी–जाफना मार्ग : ‘ए-९’ हा सु. ३२० किमी. लांबीचा महामार्ग मातले, दांबुल्ल, मिहिंतले, वव्हुनिया व किलिनोच्ची यांवरून एलिफंट पासच्या चिंचोळ्या भूपट्टीने जाफना द्वीपकल्पात शिरतो. यादवी युद्धात (१९८३–२००९) या मार्गाइतके महत्त्व दुसऱ्या कोणत्याही रस्त्यास आले नाही. तमिळ वाघ (लिट्टे) या संघटनेने वन्नी प्रदेशात आपला अंमल बसविल्यावर जाफना देशाच्या उर्वरित भागापासून रस्त्याने तुटले. वव्हुनियापासून उत्तरेकडे हा मार्ग जिंकून घेण्यासाठी शासनाने मे १९९७ मध्ये ‘जयसिकुरुई’ ही मोहीम सुरू केली. मोठी प्राणहानी होऊनही उद्दिष्ट साध्य न झाल्याने ती डिसेंबर १९९८ मध्ये थांबविण्यात आली. एप्रिल २००० मध्ये एलिफंट पासचा लष्करी तळही लिट्टेच्या हाती पडला.

फेब्रुवारी २००२ मधील शस्त्रसंधीनंतर त्याच वर्षी एप्रिलमध्ये हा मार्ग नागरिकांसाठी खुला झाला. ओमंतई व मुहमालई येथील तपासणी नाके ओलांडून अनेक कुटुंबे कित्येक वर्षांनी प्रथमच एकमेकांना भेटली. या काळात लिट्टेने मार्गावरील मालावर आपला कर बसविला होता. ऑगस्ट २००६ मध्ये लढाई पुन्हा पेटल्यावर मार्ग बंद झाला. जाफना द्वीपकल्पातील लोकांना अन्न, औषधे व इंधन यांसाठी जहाजे व विमाने यांवर विसंबावे लागले; टंचाई निर्माण झाली व किंमती भडकल्या. मे २००९ मध्ये युद्ध संपले आणि त्या वर्षाच्या अखेरीपासून मार्ग टप्प्याटप्प्याने सर्वांस खुला झाला. त्यानंतर त्याची पुनर्बांधणी करण्यात आली. जाफन्याच्या शेतमालास दक्षिणेची बाजारपेठ मिळाली, तसा दक्षिणेकडील मालाचाही उत्तरेत शिरकाव झाला. मार्गालगतच्या लष्करी तळांखालील जमिनी मूळ मालकांना परत मिळण्याचा प्रश्न मात्र युद्ध संपल्यावरही दीर्घकाळ रेंगाळला.

द्रुतगती मार्ग : जुन्या महामार्गांच्या दोन्ही कडांना सलग वस्ती व दुकाने वाढल्याने त्यांचे रुंदीकरण अवघड होते आणि वाहनांचा वेगही मंदावला होता. म्हणून नव्या आखणीचे, नियंत्रित प्रवेश असलेले मार्ग बांधण्याचे ठरले. त्यांवर पादचारी, दुचाकी व तीनचाकी वाहने यांना मज्जाव असून वेगमर्यादा सर्वसाधारणपणे ताशी १०० किमी. आहे.

दक्षिण द्रुतगती मार्ग (ई-१) हा यांतील पहिला. कोलंबोच्या आग्नेयीकडील कोट्टाव येथून गॉलजवळील पिन्नदुवपर्यंतचा सु. ९५ किमी.चा टप्पा २७ नोव्हेंबर २०११ रोजी खुला झाला. त्यासाठी आशियाई विकास बँक व जपान यांनी कर्ज दिले होते. २०१४ मध्ये तो मातरपर्यंत आणि फेब्रुवारी २०२० मध्ये चीनच्या कर्जातून हंबनतोटा व मत्तळपर्यंत वाढविण्यात आला. आता त्याची लांबी सु. २२२ किमी. आहे. पूर्वी सु. तीन तास घेणारा गॉलचा प्रवास या मार्गाने सु. एका तासावर आला. कोलंबो–कटुनायक मार्ग (ई-३, सु. २६ किमी.) राजधानीस आंतरराष्ट्रीय विमानतळाशी जोडतो. तो ऑक्टोबर २०१३ मध्ये खुला झाला. दलदलीतून व खाजणालगत जात असल्याने त्याच्या पायाचे काम कठीण गेले. बाह्य वर्तुळमार्ग (ई-२, सु. २९ किमी.) कोट्टाव, कडुवेल, कडवत व केरवलपिटिय यांना जोडून २०१४ ते २०१९ या काळात तीन टप्प्यांत पूर्ण झाला. त्यामुळे वाहनांना कोलंबो शहरात न शिरता दक्षिणेकडून विमानतळाकडे जाता येते. विमानतळमार्गाला शहराशी जोडणारा केलानी नदीवरील केबलआधारित पूल नोव्हेंबर २०२१ मध्ये खुला झाला.

मध्य द्रुतगती मार्ग (ई-४) कडवतहून कुरुनेगलकडे व एका फाट्याने कँडीच्या दिशेने नेण्याची योजना आहे. यातील मिरिगम–कुरुनेगल हा सु. ४० किमी.चा दुसरा टप्पा देशी बँकांच्या कर्जातून व देशी कंत्राटदारांकडून बांधून घेण्यात आला आणि जानेवारी २०२२ मध्ये खुला झाला. कडवत–मिरिगम या पहिल्या टप्प्यासाठी चीनच्या निर्यात-आयात बँकेचे कर्ज घेतले होते. पण एप्रिल २०२२ मध्ये श्रीलंकेने परकीय कर्जाची परतफेड स्थगित केल्याचे जाहीर केल्यावर त्याचे काम बंद पडले. परिणामी पूर्ण झालेला दुसरा टप्पा अन्य कोणत्याही द्रुतगती मार्गास न जोडता एकटाच राहिला आणि कोलंबोच्या वाहनांना तेथवर जुन्या रस्त्यांनीच जावे लागले. कर्जाची पुनर्रचना झाल्यावर २०२५ मध्ये पहिल्या टप्प्याचे काम पुन्हा सुरू झाले.

भूसंपादन व न्यायालयीन निर्णय : दाट वस्तीच्या नैर्ऋत्य भागातून नवा मार्ग काढताना भातशेती, रबराच्या बागा व घरे यांवर गदा आली. दक्षिण मार्गाच्या पहिल्या टप्प्यांसाठी एक हजारांहून अधिक कुटुंबांना घरे सोडावी लागली. १९५० च्या भूसंपादन कायद्यात बाजारभावाने भरपाईची तरतूद होती. तेवढ्या रकमेत विस्थापितांना दुसरीकडे तसेच घर बांधणे शक्य नव्हते. २००१ मध्ये शासनाने अनैच्छिक पुनर्वसनाचे राष्ट्रीय धोरण स्वीकारले आणि या प्रकल्पासाठी नेमलेल्या समित्यांनी पुनर्बांधणीच्या खर्चावर आधारित भरपाई देण्यास सुरुवात केली.

पर्यावरणविषयक अहवालात तपासलेली मूळ आखणी काही भागात बदलण्यात आली, तेव्हा नव्या आखणीत ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांनी न्यायालयाकडे धाव घेतली. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २००४ मध्ये असा निर्णय दिला की, बदलाने बाधित होणाऱ्यांचे म्हणणे ऐकून न घेणे हा नैसर्गिक न्यायाच्या तत्त्वाचा भंग होय. व्यापक सार्वजनिक हिताचा विचार करून न्यायालयाने मार्ग थांबविला नाही. परंतु बाधितांना अतिरिक्त भरपाई देवविली. सार्वजनिक हितासाठी व्यक्तीने सोसलेल्या हानीचा भार समाजानेही उचलला पाहिजे, हे त्यातून सूचित झाले. आशियाई विकास बँकेच्या तपासणी मंडळानेही या प्रकल्पात बँकेच्या स्वतःच्या नियमांचे पूर्ण पालन झाले नसल्याचे २००५ मध्ये नमूद केले.

समस्या : सखल भागातील उंच भराव पावसाचे पाणी अडवितात. त्यामुळे मोऱ्या व जलमार्ग पुरेसे नसल्यास लगतची शेते व वस्त्या पाण्याखाली जातात. हंबनतोटाकडील भाग हत्तींच्या वावराच्या प्रदेशातून जात असल्याने त्यांचे जुने मार्ग खंडित झाले आहेत. त्या टोकास वाहनांची संख्याही कमी आहे. पथकराच्या उत्पन्नातून परकीय चलनातील कर्ज फेडता येत नाही आणि त्याचा बोजा शेवटी सर्व करदात्यांवर पडतो. त्यांत ज्यांना द्रुतगती मार्गावर प्रवेशच नाही, अशा दुचाकी व तीनचाकी चालकांचाही समावेश होतो.

देशात रस्ते-अपघातांत दरवर्षी दोन हजारांहून अधिक लोक मरण पावतात. त्यांत पादचारी व दुचाकीस्वार यांचे प्रमाण मोठे आहे. हे अपघात प्रामुख्याने जुन्या रस्त्यांवर होतात. तेथे जलद व मंद वाहने, पादचारी व बाजार यांची सरमिसळ असते. डोंगराळ भागात दरडींचा धोका कायम असून त्याविषयीच्या धोक्याच्या सूचना राष्ट्रीय इमारत संशोधन संघटना देते. नोव्हेंबर २०२५ च्या अखेरीस आलेल्या ‘दित्वा’ चक्रीवादळात सहाशेंहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. कँडी, नुवारा एलिया व बदुल्ल या जिल्ह्यांकडील अनेक मार्ग दरडी कोसळल्याने व पूल वाहून गेल्याने बंद झाले. दोनशे वर्षांपूर्वी ज्या खिंडीतून पहिला महामार्ग काढला, त्या कडुगन्नाव भागातही वाहतूक थांबवावी लागली.

द्रुतगती मार्गांची लांबी राष्ट्रीय महामार्गांच्या तीन टक्क्यांहूनही कमी आहे. देशाची दैनंदिन वाहतूक अद्यापि जुन्या ‘ए’ व ‘बी’ मार्गांवरच चालते. त्यामुळे नवे मार्ग पूर्ण करण्याबरोबरच डोंगरउतारांचे स्थिरीकरण, जुन्या पुलांची बळकटी व पादचाऱ्यांची सुरक्षितता यांवर खर्च करणे अगत्याचे आहे. मर्यादित निधीची या दोन्हींत कशी वाटणी करावी, हा श्रीलंकेच्या रस्तेविषयक धोरणापुढील मुख्य प्रश्न आहे.